कोलँजायटिस म्हणजे नुसती कावीळ नव्हे

पावसाळ्यात कुठल्या तरी वाड्यावर काविळीची साथ आल्याची बातमी छापून येते. नळाच्या पाण्यात सांडपाणी मिसळलेले असते, हिपॅटायटिस एचे विषाणू पोटात जातात आणि माणसे पिवळी पडतात. अशा बातम्या वर्षानुवर्षे वाचून आपण डोळे पिवळे दिसले की दोनच कारणे धरतो: एक तर पाणी, नाहीतर फेणी. तिसरे कारण सहसा कुणाला सुचत नाही. पित्त वाहून नेणाऱ्या नळीत खडा अडकतो, मागे तुंबलेल्या पित्तात जंतू वाढतात आणि तरीही माणूस पिवळाच पडतो. हा कोलँजायटिस. पाण्यातून आलेली कावीळ बहुधा काही आठवड्यांत आपली आपण उतरते. इथे हिशेब तासांचा असतो. पण डिस्चार्ज कार्डावरच्या 'अ‍ॅक्यूट कोलँजायटिस'ची घरी पोचेपर्यंत 'कामीण', म्हणजे साधी कावीळ, झालेली असते आणि शेजारपाजारचे लोक झाडपाल्याचा पत्ता घेऊन हजर होतात.

शब्दाचा अर्थ सरळ आहे, पित्तनलिकांचा दाह. नलिकांचा, पित्ताशयाचा नव्हे. पित्ताशय ही यकृताला खालून चिकटलेली, पित्त साठवणारी पिशवी. तिचा दाह तो कोलेसिस्टायटिस. घाईच्या अक्षरात दोन्ही शब्द सारखेच दिसतात आणि नातेवाईक फोनवर एकाच्या जागी दुसरा सांगून मोकळे होतात. फरक मात्र मोठा आहे: पिशवी काढून टाकता येते, नळी तशी काढून टाकता येत नाही. 'माझे गॉलब्लॅडर काढलेले आहे, मला आता हे कसे होणार?' हा प्रश्नही नेहमीचा. होऊ शकते. पिशवी काढायच्या आधीच एखादा खडा घरंगळून नळीत उतरला असेल तर तो तिथेच राहतो, आणि काहींच्या नळीतच पुढे नवे खडे धरतात. आणखी एक, हे पित्त म्हणजे ज्यावर आपण सोलकढी पितो ते नव्हे. ती जळजळ जठरातल्या आम्लाची.

डॉक्टर नुसते 'कोलँजायटिस' म्हणतात तेव्हा त्यांना बहुधा अ‍ॅक्यूट, म्हणजे जंतुसंसर्गाचा प्रकार म्हणायचा असतो. पुढे 'प्रायमरी' लागले की आजारच बदलतो. प्रायमरी बिलिअरी कोलँजायटिसमध्ये शरीराची प्रतिकारशक्ती यकृतातल्या बारीक नलिकांवर उलटते. रुग्ण बहुतेक मध्यमवयीन स्त्रिया, तक्रार खाज आणि थकवा यांची, आणि औषध उर्सोडिऑक्सिकोलिक आम्लाच्या गोळ्या, वजनाच्या दर किलोमागे दिवसाला १३ ते १५ मिलिग्रॅम. या आजाराच्या नावात २०१५ पर्यंत 'सिऱ्होसिस' होते. यकृत आक्रसलेले नसतानाही रुग्णांच्या माथी तो शब्द बसायचा, म्हणून तो बदलला. प्रायमरी स्क्लेरोझिंग कोलँजायटिसमध्ये नलिका जागोजागी व्रण धरून अरुंद होतात, आणि अशा बऱ्याच रुग्णांना मोठ्या आतड्याचा अल्सरेटिव्ह कोलायटिसही असतो. हे दोन्ही वर्षानुवर्षे चालणारे आजार. आता अ‍ॅक्यूटकडे वळू.

यकृत दिवसाला साधारण अर्धा ते एक लिटर पित्त तयार करते. यकृतपेशींच्या मधल्या, जेमतेम एक मायक्रॉन रुंदीच्या फटींत ते स्रवते, तिथून बारीक नलिकांत, मग मोठ्या नलिकांत आणि शेवटी मुख्य पित्तनलिकेत येते. ही नळी बोटभर लांब आणि आतून सहा मिलिमीटरच्या आसपास रुंद. वयाबरोबर थोडी सैल होते. लहान आतड्याच्या सुरुवातीच्या भागात ती उघडते, आणि त्या तोंडाशी एक गोल स्नायू असतो. रुजेरो ओड्डी या इटालियन वैद्यकीय विद्यार्थ्याने १८८७ मध्ये त्याचे काम दाखवून दिले, म्हणून तो ओड्डीचा स्नायू.

गोव्यातल्या खाजन शेताची, म्हणजे नदीकाठच्या बांध घातलेल्या सखल शेताची, मानस, म्हणजे पाण्याचे झडपेसारखे दार, ज्याने पाहिली आहे त्याला या तोंडाचे काम वेगळे समजावून सांगावे लागणार नाही. ओहोटीला शेतातले पाणी दार ढकलून नदीत जाते. भरतीला नदीच्याच रेट्याने दार मिटते आणि खारे पाणी आत येत नाही. आतड्यात जंतू असतातच. पित्त सतत वरून खाली वाहते, स्नायू तोंड आवळून धरतो, पित्तातले क्षार कित्येक जंतूंना वाढू देत नाहीत, नळीच्या अस्तरातून प्रतिपिंडे पाझरतात. एवढ्यातूनही वर चढलेला जंतू मागून येणाऱ्या पित्ताबरोबर धुऊन निघतो. राखण मुख्यतः या वाहण्याची आहे. ते थांबले की बाकीचे पहारेकरी फार काळ टिकत नाहीत.

वाहणे थांबवतो तो बहुतेक वेळा खडा. कधी स्वादुपिंडाच्या किंवा नळीच्याच कर्करोगाची गाठ, कधी जुन्या शस्त्रक्रियेनंतर आलेला अरुंदपणा, कधी पोटातला मोठा जंत नळीत शिरलेला. पण नुसत्या अडथळ्याने कोलँजायटिस होत नाही. स्वादुपिंडाच्या कर्करोगात माणूस हळदीसारखा पिवळा होतो आणि तरीही पुष्कळदा ताप नसतो, कारण तुंबलेले पित्त निर्जंतुक असते. खड्यांच्या रुग्णात मात्र पित्तात आधीच ई. कोलाय, क्लेब्सिएला, एंटरोकोकस अशा आतड्यातल्या जंतूंनी बस्तान मांडलेले असते. जंतू हवेत आणि दाबही हवा. खरी गोम दाबात आहे.

पित्तनलिकेतला नेहमीचा दाब ७ ते १४ सेंटीमीटर उंचीच्या पाण्याच्या स्तंभाइतका असतो. अडथळा आला तरी यकृत पित्त तयार करतच राहते, त्यामुळे दाब चढतो. २० ते २५ सेंटीमीटरच्या पुढे गेला की उलटा प्रवास सुरू होतो. यकृतपेशीच्या एका बाजूला रक्त वाहते आणि दुसऱ्या बाजूला पित्ताची फट असते. पित्त रक्तात उतरू नये म्हणून शेजारशेजारच्या पेशी क्लॉडिन, ऑक्लुडिन अशा प्रथिनांनी एकमेकींना शिवून टाकलेल्या असतात. त्या टाक्यांखेरीज मध्ये दुसरा बांध नाही. दाबाने आणि जंतूंच्या विषारी द्रव्यांनी हे टाके उसवतात. मग जंतू आणि त्यांच्या आवरणातले एंडोटॉक्सिन फटीतून थेट यकृतातल्या रक्तात, तिथून यकृतशिरेत, हृदयात आणि काही सेकंदांत अंगभर. एरवी कुप्फर पेशी नावाचे यकृतातले भक्षक असा माल वाटेतच गिळतात, पण तुंबलेल्या यकृतात त्यांची ताकदही उतरलेली असते. तीन गोधड्या घेऊनही न थांबणारी, दात वाजवणारी हुडहुडी भरते ती इथून. दाब ३० च्या आसपास पोचला की यकृत पित्त स्रवणेच थांबवते.

अँटिबायोटिकचे गणित इथेच बिघडते. शिरेतून दिलेले औषध नळीतल्या पित्तात पोचायचे तर यकृतपेशींनी ते पित्ताबरोबर स्रवायला हवे. स्रवणेच मंदावले असेल तर औषध रक्तात राहते आणि पू नळीत. डोस वाढवून फारसा उपयोग होत नाही. औषध रक्तातल्या जंतूंशी लढते आणि वेळ मिळवून देते. नळी मोकळी करावीच लागते. दाब थोडा जरी उतरला तरी उलटा प्रवाह थांबतो, म्हणूनच पू काढल्यावर काही तासांत रुग्णाचा ताप आणि रक्तदाब ताळ्यावर आलेला दिसतो.

ताप आणि थंडी, उजव्या बरगडीखाली दुखणे आणि कावीळ हे त्रिकूट फ्रेंच डॉक्टर शार्को यांनी १८७७ मध्ये नोंदवले. रक्तदाब घसरणे आणि भान हरपणे ही आणखी दोन लक्षणे १९५९ मध्ये रेनॉल्ड्स आणि डार्गन यांनी त्यात घातली. पण पुस्तकातले त्रिकूट पुरते दिसेल म्हणून वाट पाहू नये. निम्म्याअधिक वेळा त्यातले काही ना काही गायब असते. सत्तरीपंचाहत्तरीच्या माणसाला ताप न येता नुसती ग्लानी येते, जेवण नको होते, आणि घरचे साखर कमी झाली असेल म्हणून पेढा भरवतात. कावीळही चढउतार करते. खडा नळीच्या तोंडावर बसला की डोळे पिवळे, तो थोडा वर तरंगला की पित्ताला वाट मिळते आणि डोळे पुन्हा पांढरे.

काविळीच्या माळेचे आणि डागण्याचे नाव होते ते याच चढउतारामुळे. वनस्पतीच्या तुकड्यांना सैल गाठी मारून केलेली माळ तुकडे सुकतात आणि गाठी सरकतात तशी लांबत जाते. ती काविळीच्या माणसाच्या डोक्यावर ठेवली काय आणि खुंटीला टांगली काय, लांबणारच. आंब्याच्या झाडाच्या सालीचा रस चोपडलेले हात चुन्याच्या निवळीत बुडवले की पाणी कुणाचेही पिवळे होते. तोवर खडा हलला तर श्रेय माळेला, नाही हलला तर दोष पथ्य मोडणाऱ्याला. जखम होईपर्यंत डागलेल्या माणसाच्या आधीच बिघडलेल्या रक्तात जंतू शिरायला आणखी एक दार उघडते, ही त्यावरची भर. 'यकृत शुद्ध करणाऱ्या' बाटल्यांची जाहिरात फोनवर दिवसातून दहादा येते, तिचीही जात हीच. काढा पिऊन नळीतला खडा विरघळत नाही.

आपल्याकडे पावसाळ्यात थंडीताप आणि पिवळे डोळे एकत्र आले की मलेरिया आणि लेप्टोस्पायरोसिस आधी आठवतात, आणि ते आठवायलाच हवेत. शेतातल्या पाण्यात उतरलेला माणूस, लालबुंद डोळे, पोटऱ्या धरून येणे, प्लेटलेट घसरलेल्या आणि मूत्रपिंडाची अवस्था सांगणारे क्रिएटिनिन चढलेले असा चेहरा लेप्टोचा. कोलँजायटिसमध्ये आदल्या काही महिन्यांत शागुतीवर ताव मारलेल्या रात्री पोटात कळ येऊन गेल्याचा इतिहास पुष्कळदा सापडतो. रक्तात पित्त तुंबल्याच्या खुणा, म्हणजे डायरेक्ट बिलिरुबिन, अल्कलाइन फॉस्फटेज आणि जीजीटी, चढलेल्या असतात. लघवी गडद, शौच मातीच्या रंगाचे, अंगाला खाज. विषाणूंच्या काविळीत यकृतपेशींना इजा झाल्याचे सांगणारे आकडे, एसजीओटी आणि एसजीपीटी, हजारांत जातात. पण खडा नुकताच अडकला असेल तर पहिल्या दिवशी तेही उडी मारतात आणि फसवतात.

सोनोग्राफीही फसवते. पित्ताशयातला खडा तिला बहुधा सापडतो, पण नळीचे खालचे टोक आतड्यातल्या वायूच्या आड असते आणि अडथळा ताजा असताना नळी अजून फुगलेलीही नसते. 'सोनोग्राफी नॉर्मल' एवढ्यावर घरी जाऊ नये. शंका असेल तर एमआरसीपी, म्हणजे पित्तनलिकांचा एमआरआय, किंवा एंडोस्कोपिक अल्ट्रासाउंड, म्हणजे दुर्बिणीतून आतून केलेली सोनोग्राफी. २०१८ च्या टोकियो मार्गदर्शक तत्त्वांत निदानाचे तीन खांब आहेत: संसर्गाची खूण, पित्त तुंबल्याची खूण आणि चित्रात दिसणारी फुगलेली नळी किंवा अडथळा. तिन्हींतले एकेक मिळाले तर निदान पक्के, पहिल्याबरोबर बाकीच्या दोहोंतले एक मिळाले तरी संशय धरून उपचार सुरू करायचे.

उपचारात क्रम महत्त्वाचा. आधी ब्लड कल्चरसाठी रक्त, लगेच शिरेतून सलाइन आणि अँटिबायोटिक. रक्तदाब पडलेला असेल तर हे सगळे तासाभरात. पित्त आतड्यात उतरत नसल्याने के जीवनसत्त्व शोषले जात नाही आणि रक्त गोठायला वेळ लागतो, म्हणून पीटी-आयएनआर तपासून गरज पडल्यास के जीवनसत्त्वाचे इंजेक्शन. मग ईआरसीपी. तोंडावाटे घातलेल्या, कडेला कॅमेरा असलेल्या दुर्बिणीतून नळीच्या तोंडात तार सरकवतात. इथे कसबी डॉक्टर पहिल्यांदा पू खेचून घेतो आणि मगच एक्स-रेत नळी दिसावी म्हणून थोडासा रंगद्रव जपून सोडतो. आधीच तुंबलेल्या नळीत जोराने रंगद्रव मारला तर दाब वाढून जंतू आणखी रक्तात ढकलले जातात. रुग्ण गंभीर असेल तर खडा काढत बसायचे नाही. ७ किंवा १० फ्रेंच मापाचा प्लास्टिकचा स्टेंट, म्हणजे वाट उघडी ठेवणारी बारीक नळी, ठेवायचा आणि बाहेर यायचे. एक फ्रेंच म्हणजे मिलिमीटरचा तिसरा हिस्सा, तेव्हा १० फ्रेंच साधारण ३.३ मिलिमीटर. रक्त गोठत नसेल तर स्नायू न कापताही स्टेंट बसतो. खडा काढायचे काम ताप उतरल्यावर. ईआरसीपीनंतर स्वादुपिंडाला सूज येऊ शकते. ती टाळायला गुदद्वारातून १०० मिलिग्रॅम डायक्लोफिनॅक किंवा इंडोमेथॅसिन देतात. दुर्बिणीने जमलेच नाही तर बरगड्यांमधून सुई घालून यकृतातली नळी बाहेरून मोकळी करतात, त्याला पीटीबीडी म्हणतात. पोट उघडण्याची पाळी आता क्वचित येते. हाँगकाँगमधल्या, १९९२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ८२ गंभीर रुग्णांच्या चाचणीत शस्त्रक्रिया केलेल्यांपैकी ३२ टक्के दगावले, दुर्बिणीने निचरा केलेल्यांपैकी १० टक्के.

शॉकमध्ये गेलेल्या रुग्णाची नळी शक्य तितक्या लवकर, बारा तासांच्या आत मोकळी व्हावी, मध्यम आजारात दोन-तीन दिवसांत. गोव्यात काणकोणहून किंवा सत्तरी तालुक्याच्या आतल्या गावातून निघताना म्हणूनच १०८ ला फोन करण्याबरोबर 'तिथे ईआरसीपी आज होईल का' हेही विचारून घ्यावे. बांबोळीला, म्हणजे गोवा वैद्यकीय महाविद्यालयाच्या इस्पितळात, पाठवायचे असेल तर ते पहिल्या दिवशी ठरावे, तिसऱ्या दिवशी नव्हे. जुने सोनोग्राफीचे अहवाल आणि रक्त पातळ करणाऱ्या गोळ्यांची पाकिटे बरोबर घ्यावीत, आणि रुग्णाला चहासुद्धा पाजू नये, कारण दुर्बिणीसाठी पोट रिकामे लागते.

निचरा झाल्यावर अँटिबायोटिक साधारण चार ते सात दिवस. रक्तात एंटरोकोकस सापडला तर दोन आठवडे. पित्ताशयात खडे असतील तर ते त्याच मुक्कामात किंवा लवकरच काढून टाकणे बरे, नाहीतर नवा खडा त्याच वाटेने उतरतो. आणि स्टेंट. प्लास्टिकच्या स्टेंटच्या आतल्या बाजूला जंतूंचा चिकट थर धरतो, त्यावर पित्ताचा गाळ बसतो आणि साडेतीन मिलिमीटरचीही नसलेली ती वाट बुजते. तीन महिन्यांच्या आत तो काढावा किंवा बदलावा लागतो. दुखणे थांबलेले असते, चतुर्थी तोंडावर आलेली असते, मग 'सणानंतर बघू' म्हणून तारीख टळते, आणि सहा महिन्यांनी तोच माणूस तशीच हुडहुडी घेऊन परत येतो. स्टेंट काढायची तारीख डॉक्टरांकडून कार्डावर लिहून घ्यावी, आणि एक्स-रेमध्ये स्टेंट दिसतो हेही ध्यानात ठेवावे: काढला की नाही हे कुणालाच आठवत नसेल तर पोटाचा साधा एक्स-रे सांगू शकतो.