फाळक्यांच्या घरातली कात्री

नाशिकच्या सिनेमाची गोष्ट दादासाहेब फाळक्यांपासून सुरू करायची रीत आहे. संकलनापुरती तरी ती त्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंपासून सुरू करावी. १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’ दादरला बनत होता, तेव्हा हाती येणाऱ्या कच्च्या फिल्मला कडेची भोकं नसत. ती पाडायची, रसायनं कालवायची, फिल्म धुवायची, हे सगळं त्यांच्याकडे. आणि तेही सगळ्या मंडळींचा स्वयंपाक उरकल्यावर, रात्री. ३५ मिलिमीटरच्या एक फूट फिल्मवर १६ चौकटी, प्रत्येक चौकटीला दोन्ही कडांना चार-चार भोकं, म्हणजे फुटाला १२८. चित्रपट ३,७०० फुटांचा. गुणाकार आपणच करून बघा. पडद्यावरच्या नामावळीत मात्र त्यांचं नाव नव्हतं.

त्याच वर्षी बिऱ्हाड आणि कारखाना नाशिकला आला. ‘मोहिनी भस्मासुर’ इथलाच. १९१८ मध्ये हिंदुस्थान फिल्म कंपनी उभी राहिली आणि पुढच्याच वर्षीच्या ‘कालिया मर्दन’मध्ये लेक मंदाकिनी कृष्ण झाली. ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये रोहिदास झालेला भालचंद्रही घरचाच. घरचं माणूस आणि कंपनीचं माणूस यांत फरक असा नव्हताच.

मग ही रिळं गेली कुठं? त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेट घ्यायची, उन्हाळ्यात चिकट व्हायची, शेवटी तिची भुकटी व्हायची. बोलपट आल्यावर मूकपटांना गिऱ्हाईक उरलं नाही. चांदी काढण्यासाठी कितीतरी रिळं वितळवली गेली. देशात तेराशेच्या आसपास मूकपट बनले असं मानलं जातं. आज हाती असलेले तीसच्या आत, तेही बरेचसे अर्धेमुर्धे.

पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय झालं. तिथले पी. के. नायर फाळके कुटुंबीयांपर्यंत पोहोचले. ‘कालिया मर्दन’ सुट्या तुकड्यांत मिळाला. कुठला तुकडा कुठे बसतो, हे जुळवताना फाळक्यांनी लिहून ठेवलेली टिपणं कामी आली. माझ्या मते हे दुसऱ्यांदा केलेलं संकलनच, फक्त दिग्दर्शक शेजारी नसताना.

‘राजा हरिश्चंद्र’ची पहिली आणि शेवटची रिळं उरली आहेत. पण ती १९१३ ची नसून फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा चित्रित केलेल्या आवृत्तीची आहेत, असं अनेक अभ्यासक म्हणतात.