ठाण्यातल्या नटीचं करिअर: नाटक, मालिका आणि सिनेमा

ठाणे किंवा नवी मुंबईत राहून मराठी नाटक, टीव्ही मालिका आणि सिनेमा अशा तिन्हीकडे काम करणाऱ्या नटीचं करिअर म्हणजे आधी तारखांचा हिशोब आणि मग अभिनय, असं म्हटलं तर या धंद्यातलं कोणी फारसं भांडायला येणार नाही. मराठीत तिन्ही करणं हा काही पराक्रम समजला जात नाही, उलट तीच नेहमीची रीत आहे. कारण साधं आहे, नुसत्या सिनेमावर घर चालेल एवढे सिनेमे वर्षभरात एकीच्या वाट्याला येत नाहीत, नुसतं नाटक करायचं तर गर्दीचे प्रयोग शनिवार-रविवारीच लागतात, आणि नुसती मालिका धरून बसलं तर ती कधी गुंडाळणार हे चॅनेल सांगेल तेव्हाच कळतं.

ही ये-जा जुनीच आहे. दादासाहेब फाळक्यांच्या १९१३ च्या पहिल्या सिनेमात बायकांची कामं पुरुषांनी केली कारण कॅमेऱ्यासमोर यायला बाई मिळेना, आणि त्याच वर्षीच्या त्यांच्या पुढच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई (पुढे गोखले) आल्या, त्या दोघी नाटकातल्याच. तिसरा दरवाजा उघडला तो २ ऑक्टोबर १९७२ ला, मुंबई दूरदर्शन सुरू झालं तेव्हा. भक्ती बर्वे तिथं बातम्याही वाचायच्या, रंगमंचावर 'ती फुलराणी' करायच्या आणि १९८३ ला 'जाने भी दो यारो'मध्ये दिसल्या. फेब्रुवारी २००१ मध्ये वाईहून परतताना मुंबई-पुणे एक्सप्रेसवेवर अपघातात त्या गेल्या. दौऱ्याच्या प्रवासाबद्दल बोलताना जुनी मंडळी अजून ती गोष्ट काढतात. रीमा लागूंचं उदाहरण जरा वेगळं, त्यांनी बरीच वर्षं बँकेतली नोकरी सांभाळून नाटकं केली, 'पुरुष'सारखं नाटक गाजवलं, मग हिंदी सिनेमातली आई आणि टीव्हीवरची सासू म्हणून देशभर ओळखल्या गेल्या आणि मे २०१७ मध्ये गेल्या तेव्हाही हिंदी मालिकेचं काम चालूच होतं.

पण खरा फरक पडला तो रोजच्या मालिकांमुळे. दूरदर्शनच्या काळात मालिका आठवड्यातून एकदा, तेरा भागांची, ती नाटकाच्या मधल्या फटीत बसायची. १९९९ ला अल्फा मराठी (आताचं झी मराठी) आणि लगोलग ई टीव्ही मराठी (आताचं कलर्स मराठी) आलं, रोजचे भाग सुरू झाले आणि फट संपली. 'चार दिवस सासूचे' २००१ पासून अकरा वर्षं चाललं, तीन हजारांवर भाग झाले, त्यात रोहिणी हट्टंगडी होत्या, ज्यांच्या नावावर 'गांधी'साठीचा बाफ्टा आहे. म्हणजे बाफ्टावाली बाईसुद्धा रोज सेटवर जाऊन सासू करत होती, आणि मराठीत हे कोणाला विचित्र वाटलं नाही.

ठाणंच का

नकाशा बघितला की लगेच कळतं. मसुंदा तलावाजवळ, म्हणजे तलावपाळीला, गडकरी रंगायतन १९७८ पासून उभं आहे, स्टेशनवरून चालत जाता येतं. घोडबंदरच्या बाजूला डॉ. काशिनाथ घाणेकर नाट्यगृह आहे. वाशीला विष्णुदास भावे, कल्याणला अत्रे रंगमंदिर, डोंबिवलीला सावित्रीबाई फुले, आणि मुलुंडचं कालिदास तर हाकेच्या अंतरावर. आणि दुसऱ्या बाजूला मालिकांचे सेट, जे घोडबंदर रोडच्या पट्ट्यात, मीरा रोडकडे, मढला आणि गोरेगावच्या फिल्मसिटीत पसरलेत. त्यामुळे ठाण्यात घर असलं की सेट आणि थिएटर दोन्ही एकाच दिवसात गाठता येतं. निदान कागदावर तरी येतं, कारण घोडबंदरला गायमुखचा घाट आणि मेट्रो चारचं काम यांनी किती जणींच्या तिसऱ्या घंटेचा, म्हणजे प्रयोग सुरू व्हायच्या वेळेचा, जीव टांगणीला लावलाय ते त्यांनाच माहीत. नवी मुंबईकरांचं गणित अजून वेगळं, वाशी-नेरूळहून घोडबंदरला यायचं तर ठाणे-बेलापूर रोड, ऐरोली, कळवा, मग माजिवडा असा पट्टा. ट्रान्सहार्बरच्या लोकलने ठाण्यापर्यंत येऊन तिथून पुढे गाडी घेणाऱ्या कमी नाहीत, आणि मालिका चालू असेल तर डब्यात लोक सेल्फी मागतात ते वेगळंच.

या भागाची दुसरी ताकद म्हणजे तयार होऊन येणारी पोरं. ठाणे, डोंबिवली, कल्याण इथल्या कॉलेजांच्या एकांकिकांचा दबदबा असतो, राज्य शासनाची हौशी नाट्यस्पर्धा १९५४ पासून चालू आहे, ठाण्यात अभिनय कट्ट्यासारखं व्यासपीठ आहे. बहुतेकींची वाट तीच, कॉलेजची एकांकिका, तिथं बघायला आलेला कोणीतरी एडी (सहाय्यक दिग्दर्शक) किंवा लेखक, मग ऑडिशन, मग मैत्रिणीचा रोल, मग कधीतरी लीड. हल्ली ऑडिशन बऱ्याचदा मोबाईलवरच होते, घरातली पांढरी भिंत बघायची, आधी नाव-उंची सांगायची, डावा-उजवा प्रोफाईल दाखवायचा आणि पाठवून द्यायचं.

एक दिवस कसा असतो

मालिकेची शिफ्ट साधारण बारा तासांची. सकाळी सातचा कॉल टाइम असेल तर साडेपाचला घर सोडायचं, मेकअप, हेअर, साडी, आणि मग कंटिन्यूइटीवाली पोरगी फोनमधला कालचा फोटो दाखवून सांगते की मंगळसूत्राची वाटी पदराच्या बाहेर होती, डाव्या हातात चार बांगड्या होत्या. हातात येणारा सीन कधीकधी त्याच सकाळी लिहिलेला असतो. मास्टर (सगळा सीन एका फ्रेममध्ये) होतो, मग मिड (कमरेपासून वर), मग प्रत्येकाचा क्लोज (नुसता चेहरा), म्हणजे एकच रडणं चार वेळा रडायचं, आणि ज्याचा क्लोज चाललाय त्याला कॅमेऱ्यामागून क्यू द्यायचा, म्हणजे आपले संवाद म्हणायचे. चॅनेलकडे एपिसोडची बँक (आधीच शूट झालेले भाग) असेल तर सगळे निवांत असतात, बँक संपली की आज शूट आणि उद्या टेलिकास्ट, मग कोणाला सोडायला कोणी तयार नसतं.

रात्री साडेआठला गडकरीला प्रयोग असेल तर खरी मजा तेव्हा असते. नटीने ही डेट महिनाभर आधी ईपीला, म्हणजे मालिकेच्या कार्यकारी निर्मात्याला, देऊन ठेवलेली असते, नाटकाच्या मॅनेजरलाही शब्द दिलेला असतो. महापालिकेच्या नाट्यगृहांच्या तारखा संस्थांना आधीच, बहुतेक ठिकाणी तिमाहीच्या हिशोबाने, वाटलेल्या असतात, त्यामुळे प्रयोग इकडचा तिकडे करता येत नाही आणि झुकावं लागतं ते मालिकेलाच. मग दुपारपासून तिचे सीन आधी उरकतात, तिच्या समोरच्याचे क्लोज नंतर घेतात, त्या वेळी तिच्या जागी कोणीतरी असिस्टंट उभं राहून संवाद वाचतो. पाचला सुटका झाली तर सातपर्यंत मेकअप रूममध्ये पोचते. तिथं रडायला ग्लिसरीन नाही, रिटेक नाही आणि मुख्य म्हणजे आवाज शेवटच्या रांगेपर्यंत न्यायचा असतो, दिवसभर कपड्यात लावलेल्या लेपल माइकसाठी हळू बोलून बोलून घसा बसलेला असला तरी. जाणकार नट्या सांगतात की मालिकेच्या सवयीने नाटकात पहिल्यांदा मार खातो तो आवाज, चेहरा नाही.

पैशाचं सांगायचं तर नाटकात प्रयोगामागे 'नाइट' (मानधन) ठरलेली असते आणि बऱ्याचदा प्रयोग संपल्यावर तिथंच पाकीट मिळतं. मालिकेत दिवसाचा रेट नाइटपेक्षा चांगला असू शकतो, महिन्याचे दिवसही जास्त भरतात, पण पेमेंट नव्वद दिवसांनी ही सर्वमान्य पद्धत आहे. म्हणजे नवीन मुलगी मालिकेत झळकायला लागते, सोसायटीत सगळे तिला श्रीमंत समजायला लागतात आणि ती मात्र पहिले तीन महिने घरूनच पैसे घेऊन रिक्षा करत असते. सिनेमाचं काम साधारण महिनाभराच्या शेड्युलचं, त्यासाठी मालिकेतून तेवढे दिवस सुटायचं तर ट्रॅकच (गोष्टीचा धागाच) बदलावा लागतो, नायिका अचानक माहेरी जाते, हॉस्पिटलात पडते किंवा कोमात जाते. प्रेक्षकांना वाटतं लेखकाला वेड लागलंय, पण कधीकधी ती नुसती डेट असते.

एकाच दोरीवर लटकून राहण्यात काय धोका आहे हे २०२० ने दाखवलं. मार्चमध्ये सगळंच बंद पडलं, मालिका उन्हाळा संपल्यावर नियम पाळून सुरू झाल्या, नाट्यगृहांना मात्र वर्ष संपत आलं तेव्हा अर्ध्या खुर्च्यांची परवानगी मिळाली. २०२१ च्या एप्रिलमध्ये राज्यात शूटिंग पुन्हा थांबलं तेव्हा काही मराठी मालिका युनिटसकट गोव्याला गेल्या, नाटकवाल्यांना तर तेही शक्य नव्हतं. नाट्यगृहं परत उघडली ती ऑक्टोबर २०२१ ला. त्या दीड वर्षात ज्यांच्याकडे मालिका होती त्या तगल्या, फक्त नाटकावर असलेल्यांनी शिकवण्या घेतल्या, डबिंग केलं, घरगुती फराळाचे डबेसुद्धा पोचवले.

वयाचा मुद्दा आला की तिन्ही माध्यमं वेगवेगळी वागतात. मालिका पस्तिशीच्या बाईला लग्नाला आलेल्या मुलीची आई करून मोकळी होते, आणि पडद्यावरच्या त्या पोरीत आणि तिच्यात कधीकधी दहा वर्षांचंही अंतर नसतं. सिनेमात पन्नाशीच्या बाईभोवती गोष्ट क्वचित लिहिली जाते. नाटकात मात्र साठीतली नटी मुख्य भूमिका घेऊन दौरा करू शकते आणि लोक तिच्या नावावर तिकीट काढतात, त्यामुळे मालिकेत चाळिशीतच सासू झालेल्या बऱ्याच जणी नाटक सोडत नाहीत. पण दौऱ्याचा अर्थ रात्रीचा बसप्रवास, पहाटे पुणे-नाशिकहून तीन हात नाक्याला उतरणं आणि सातच्या कॉलला थेट घोडबंदरला जाणं असा असतो. ज्या ठाण्यात राहतात त्यांना मध्ये घरी जाऊन अंघोळ तरी करता येते, बोरिवली-अंधेरीवाल्या बसमध्येच केस विंचरतात.