छायालेखन : माहितीपट आणि कथापट

चित्रपटातील चौकट, प्रकाश, लेन्स आणि कॅमेऱ्याची हालचाल यांची जबाबदारी छायालेखकाची असते. माहितीपट आणि कथापट ही या व्यवसायाची वेगळी क्षेत्रे मानली जात असली, तरी अनेक नामवंत छायालेखकांची कारकीर्द दोहोंत घडली आहे.

दोहोंतला मूळ फरक उपकरणांचा नसून प्रसंगावरील ताब्याचा आहे. कथापटात नटाने कुठे थांबायचे याच्या खुणा जमिनीवर चिकटपट्टीने केलेल्या असतात, फोकस पुलरने, म्हणजे फोकस जुळवणाऱ्या सहायकाने, अंतर आधीच मोजलेले असते, दिवे त्या जागेसाठी लावलेले असतात आणि काही चुकले तर रिटेक घेता येतो. माहितीपटात छायालेखक बहुधा एकटाच फोकस आणि एक्स्पोजर (आत येणाऱ्या प्रकाशाचे प्रमाण) सांभाळतो. एक डोळा व्ह्यूफाइंडरला लावून दुसरा उघडा ठेवतो, कारण पुढची घडामोड चौकटीबाहेरून येणार असते. बोलणाऱ्यावरून ऐकणाऱ्याच्या चेहऱ्याकडे केव्हा वळायचे, हे तर त्याला कानांनीच ठरवावे लागते. फिल्मच्या काळात ४०० फुटांचे १६ मिमी. रीळ सुमारे ११ मिनिटांत संपे आणि ते बदलताना जे घडे, ते कायमचे निसटे.

तथापि माहितीपटात सारे 'जसेच्या तसे' टिपले जाते, ही समजूत भाबडी आहे. रॉबर्ट फ्लॅहर्टी यांना १९२२ सालच्या आपल्या माहितीपटासाठी इग्लूच्या (बर्फाच्या घराच्या) आत पुरेसा उजेड मिळेना, तेव्हा त्यांनी एका बाजूने उघडे इग्लू बांधवून घेतले. उलट, कथापटाने खऱ्या उजेडाचा ध्यास घेतल्याचीही उदाहरणे आहेत. 'अपराजितो'साठी (१९५६) बनारसच्या घराचे अंगण स्टुडिओत उभारले, तेव्हा छायालेखक सुब्रत मित्र यांनी वर पांढरे कापड ताणले आणि दिव्यांचा झोत त्यावर टाकून आभाळातून झिरपणारा मऊ, जवळजवळ सावलीविरहित प्रकाश साधला.

राऊल कुतार हे इंडोचायनातील युद्धात फ्रेंच सैन्याचे छायाचित्रकार होते. पुढे दिग्दर्शक झाँ-ल्यूक गोदार यांच्या १९६० सालच्या पहिल्या कथापटात त्यांनी कॅमेरा हातात धरून, मिळेल त्या उजेडात चित्रण केले. ट्रॉलीऐवजी ते चाकांच्या खुर्चीत बसत आणि खुर्ची ढकलली जाई. क्रिस मेंगेस यांनी दूरचित्रवाणीसाठी संघर्षग्रस्त प्रदेशांत माहितीपट चित्रित केले होते. नंतर 'द किलिंग फील्ड्स' (१९८४) आणि 'द मिशन' (१९८६) या कथापटांच्या छायालेखनासाठी त्यांना ऑस्कर मिळाले. एलन क्युरस यांच्यासारख्या छायालेखिका दोन्ही प्रकारांत सातत्याने काम करत राहिल्या.

माहितीपटाकडून कथापटाकडे गेलेला छायालेखक तालमीतच नटाच्या हालचाली हेरतो आणि खुणांवर फारसा विसंबत नाही. कथापटाकडून माहितीपटाकडे आलेल्याची चाल वेगळी असते : मुलाखतीच्या खोलीत शिरताच तो आधी खिडकी कुठे आहे ते पाहतो, खुर्ची तिच्या कडेला सरकवतो आणि बरेचदा दिवे पेटीतच राहू देतो.