अँथ्रॅक्सची लस नेमकी कुणाला द्यायची? थोडी पार्श्वभूमी

अँथ्रॅक्स म्हणजे आपल्याकडचा फाशी रोग, जनावरांचा, पण माणसांनाही होणारा. जनावरांच्या बाबतीत लस कुणाला हा प्रश्न कधीच सुटलाय. १८८१ ला फ्रान्समध्ये मेंढ्यांवर जाहीर प्रयोग झाला, १९३० च्या दशकात दक्षिण आफ्रिकेत आजही वापरात असलेली लस तयार झाली, आणि आपल्याकडे पण जिथे फाशी रोग येऊन गेलाय त्या भागातल्या गुरांना ती टोचतात, सरसकट सगळीकडे नाही. भांडण आहे ते माणसांच्या लसीचं आणि ते सगळ्यात जास्त रंगलं अमेरिकेत, म्हणून तिथलंच सांगतो.

लस तिथल्या लष्करी प्रयोगशाळांच्या कामातून आली, पण ट्रायल झाली गिरणी कामगारांवर. बाहेरून आयात केलेले बकरीचे केस साफ करणाऱ्या चार गिरण्या, साधारण साडेबाराशे कामगार, काळ १९५५ ते ५९. त्यातल्याच एका गिरणीत, न्यू हॅम्पशायरमधल्या मँचेस्टरला, १९५७ मध्ये ट्रायल चालू असतानाच फुफ्फुसाच्या अँथ्रॅक्सच्या पाच केसेस झाल्या आणि चार माणसं गेली. लस घेतलेलं त्यात कुणी नव्हतं. शेवटी लस ९२.५ टक्के परिणामकारक असा आकडा निघाला, पण तो त्वचेचा आणि फुफ्फुसाचा दोन्ही प्रकार एकत्र धरून, आणि केसेस मुख्यतः त्वचेच्याच होत्या. लायसन्स मिळालं १९७० ला, ते सुद्धा ट्रायलमधल्या लसीची थोडी बदललेली आवृत्ती होती तिला. कातडी, केस, हाडं हाताळणारे कामगार आणि लॅबमधली माणसं, एवढीच गिऱ्हाईकं. कुणाची तक्रार नव्हती.

आता खरी मेख. १९८५ मध्ये तज्ज्ञांच्या समितीचा अहवाल आला, त्यात म्हटलं की लस ठीक आहे, पण श्वासातून होणाऱ्या, म्हणजे फुफ्फुसाच्या प्रकारावर चालते का हे सांगायला केसेसच पुरेशा नाहीत. त्यावर औषध नियामकांनी लस सुरक्षित आणि परिणामकारक ठरवण्याचा फक्त प्रस्ताव काढला, अंतिम आदेश काढलाच नाही, आणि तो कागद १८ वर्षं तसाच पडून राहिला. सरकारी फाईल कुठल्याही देशातली असो, चाल तीच.

मधल्या काळात आखाती युद्धात, १९९१ ला, जैविक हल्ल्याच्या भीतीने दीड लाखाच्या आसपास सैनिकांना ही लस दिली गेली. मग १९९७ च्या डिसेंबरमध्ये ठरलं की सगळ्याच सैन्याला सक्तीने द्यायची, म्हणजे जवळपास २४ लाख लोक, दीड वर्षात सहा डोस आणि पुढे दरवर्षी बूस्टर. १९९८ च्या मार्चमध्ये सुरुवात झाली. ब्रिटनमध्ये साधारण त्याच सुमारास सैनिकांना अँथ्रॅक्सची लस ऐच्छिक ठेवली होती, पण अमेरिकेत नकार दिला तर हुकूम मोडला असं धरायचे. शेकडो जणांनी नकार दिला, कुणाची पदावनती झाली, कुणाचं कोर्टमार्शल, राखीव दलातले अनुभवी पायलट नोकरी सोडून गेले. त्यातच लस बनवणारा कारखाना एकच, तो पण तपासणीत नापास होत होता, त्यामुळे २००० पर्यंत साठाच संपत आला आणि कार्यक्रम आपोआप आक्रसला.

मग २००१ ची, अँथ्रॅक्सचे जंतू घालून टपालाने पाठवलेली पत्रं. २२ जण आजारी, ५ मृत्यू. संसदेत पत्र उघडलं त्या ऑफिसातल्या लोकांना लगेच अँटिबायोटिक मिळालं, पण तेच पत्र जिथून गेलं ते वॉशिंग्टनचं टपाल केंद्र आणखी काही दिवस चालूच राहिलं आणि तिथले दोन कर्मचारी दगावले. हे लक्षात ठेवायला हवं, कारण डिसेंबरमध्ये या पत्रांमुळे जंतूंशी संपर्काची शक्यता असलेल्या सुमारे दहा हजार लोकांसमोर 'प्रायोगिक' म्हणून संमतीपत्रासकट लस ठेवली गेली, आरोग्य खात्याने घ्या असंही सांगितलं नाही आणि घेऊ नका असंही नाही, तेव्हा लस घेणारे निघाले दोनशेच्या आसपास. विश्वासच उरला नव्हता, दोष कुणाला देणार. (तपास यंत्रणांनी पुढे ज्या एका शास्त्रज्ञाकडे बोट दाखवलं तो लष्करी लॅबमध्ये याच लसीवर काम करणारा होता, पण २००८ मध्ये त्याने आत्महत्या केली आणि खटला उभाच राहिला नाही.)

२००२ ला स्वतंत्र तज्ज्ञ समितीने माकडं आणि सशांवरच्या प्रयोगांच्या आधारे सांगितलं की श्वासातल्या प्रकारावरही लस चालते आणि बऱ्यापैकी सुरक्षित आहे. पण सक्तीविरुद्ध काही सैनिक कोर्टात गेले होते आणि तिथे मुद्दा विज्ञानाचा नव्हताच. १९९८ च्या कायद्यानुसार सैनिकाला प्रायोगिक औषध द्यायचं तर त्याची संमती हवी किंवा राष्ट्राध्यक्षांनी ती अट माफ करायला हवी. आणि १९९६ मध्ये उत्पादकाने स्वतःच श्वासातल्या अँथ्रॅक्ससाठी वापर मान्य करा म्हणून प्रायोगिक औषधाचा अर्ज केला होता! म्हणजे आधी मान्य नव्हता हे तुम्हीच कबूल केलंत ना? २२ डिसेंबर २००३ ला कोर्टाने सक्ती थांबवली. आठ दिवसांत, ३० तारखेला, त्या १८ वर्षं पडलेल्या प्रस्तावाचा एकदम अंतिम आदेश झाला. योगायोग म्हणायचा असेल तर म्हणा. ऑक्टोबर २००४ मध्ये कोर्टाने तो पण रद्द केला, कारण लोकांची मतं नीट मागवलीच नव्हती. मग २००५ च्या सुरुवातीला आणीबाणीची परवानगी काढली, कोविडमुळे आपल्याला तोंडपाठ झालेली तीच, तिचा पहिला वापर हा. त्यात लस ऐच्छिक राहिली. डिसेंबर २००५ ला रीतसर आदेश निघाला आणि २००६ च्या ऑक्टोबरमध्ये सक्ती परत आली, पण आता सगळ्या सैन्यावर नाही, मुख्यतः मध्यपूर्व आणि कोरियात १५ किंवा जास्त दिवस राहणाऱ्यांवर. मला विचाराल तर पहिल्यापासून एवढंच केलं असतं तर निम्मा तमाशा टळला असता.

त्यानंतर गोष्टी बऱ्याच शांतपणे झाल्या. २००८ मध्ये सहाचे पाच डोस झाले आणि टोचणं त्वचेखाली न करता स्नायूत सुरू झालं, त्यामुळे गाठी आणि सूज कमी झाली. २०१५ ला संसर्गाची शक्यता झाल्यावर अँटिबायोटिकसोबत द्यायला रीतसर मान्यता मिळाली, आणि २०२३ ला त्यासाठी दोन डोसवाली नवी लस आली. सर्वसामान्य लोकांना आधीपासून द्या असं कुणीच म्हणत नाही. लॅबवाले, धोक्याच्या भागातले काही पशुवैद्यक, ठराविक सैनिक, आणि आपत्तीत धावून जाणाऱ्यांना ऐच्छिक. गरोदर बाईला एरवी थांबायला सांगतात, पण जंतूंशी संपर्क आला असेल तर देतात.

अडलंय ते मुलांपाशी. २०११ मध्ये एका सल्लागार मंडळाने सुचवलं की हल्ला होण्याआधीच मुलांवर ट्रायल घ्यावी, पण २०१३ ला नीतिशास्त्राच्या आयोगाने म्हटलं की आधी सर्वात तरुण प्रौढांवर अभ्यास करून धोका अगदी किरकोळ आहे हे दाखवा, मग बघू. लायसन्स आजही १८ वर्षांच्या पुढच्यांसाठीच आहे. म्हणजे उद्या खरंच काही घडलं तर मुलांना ती लस द्यावी लागेल ती लायसन्सच्या बाहेर, खास परवानगी काढूनच.