जादूची वही: वरदान कुठलं आणि करार कुठला

गावच्या वाचनालयात पोरं-पोरी स्वतः लिहिलेल्या अद्भुतकथा वाचायला आणून देतात. बहुतेकींत एक वही असते. तिच्यात लिहिलं की ते खरं होतं. नायकानं वहीशी ‘करार’ केला, असं पहिल्याच पानावर ठासून सांगितलेलं असतं. पुढे कितीही पानं उलटा, करार सापडत नाही. नायकाला मिळालेलं असतं वरदान. हा घोळ पाहून पाहून जीव विटला, म्हणून लिहितोय.

वरदान काय असतं ते सांगायची गरज नाही. भस्मासुर, हिरण्यकशिपू, कैकेयीचे दोन वर हे आपण कीर्तनात ऐकतच मोठे झालो. वहीत लिहिलेलं खरं होतं म्हणजे ते भाकितही नव्हे. भाकिताचं एका ओळीत आटोपतं: अक्षय तृतीयेला बुलढाणा जिल्ह्यातल्या भेंडवळला घट मांडतात, दुसऱ्या दिवशी पहाटे धान्य पाहून पावसापाण्याचा अंदाज सांगतात, पण त्या मांडणीनं कोणी पावसाला बांधून घेत नाही.

खरी गफलत होते ती अटीपाशी. ‘अट घातली म्हणजे करार झाला’ हे डोक्यातून काढा. हिरण्यकशिपूच्या वरात अटीच अटी आहेत: दिवसा नाही, रात्री नाही, घरात नाही, बाहेर नाही. तरी ते वरदानच. त्या अटी मिळालेल्या वस्तूचं माप सांगतात, घेणाऱ्याच्या गळ्यात काहीच अडकवत नाहीत. ‘पण त्यानं तप केलं, किंमत मोजली ना!’ असं एक पोरगी माझ्याशी भांडली. मोजली, पण आधीच मोजली. वर मिळाला त्या क्षणी हिशेब मिटला.

आपल्याकडे वावर मक्त्यानं, म्हणजे ठरलेल्या रकमेला देतात, आणि बटईनं, म्हणजे पिकातल्या वाट्यावरही देतात. मक्त्याचे पैसे एकदा मोजले की मालक मोकळा. कपाशी बोंडअळीनं खाल्ली तरी त्याचं काही जात नाही. बटईत मात्र पेरणीपासून वेचणीपर्यंत दोघांचा जीव त्याच पिकात अडकलेला असतो, बुडालं तर दोघांचं बुडतं. वरदान म्हणजे मक्ता. करार म्हणजे बटई. तुमची वही कशानं दिलीय ते आधी ठरवा.

लिहिण्याच्या कराराचा नमुना बाहेर शोधायला जाऊ नका. व्यास आणि गणपती आहेत. गणपती म्हणाला, लेखणी थांबू देणार नसाल तरच लिहीन. व्यास म्हणाले, अर्थ कळल्याशिवाय एक अक्षर लिहायचं नाही. झाला करार. व्यासांना दम हवा असेल तेव्हा ते एखादा कूट श्लोक घालत, गणपती अर्थ लावेपर्यंत पुढचे श्लोक मनात रचून घेत. अशा कूट श्लोकांची संख्या आदिपर्वात 8,800 सांगितली आहे. भांडारकर संस्थेनं 1919 ते 1966 या काळात महाभारताची जी चिकित्सक आवृत्ती काढली, तिच्या मूळ पाठात हा प्रसंग नाही, तो परिशिष्टात आहे. म्हणजे ही भर मागाहून पडलेली. माझ्या लेखी त्यानं तिचं मोल कमी होत नाही. रचणारा आणि लिहिणारा एकमेकांना शेवटपर्यंत कसे बांधलेले असतात, ते इतक्या थोडक्यात दुसरीकडे मला सापडलं नाही.

आता हेच वहीला लावा. समजा, वैनगंगेकाठच्या गावातली एक मुलगी लिहिते, ‘बांधावर कडुनिंब आहे.’ सकाळी कडुनिंब उभा, खाली निंबोळ्या पडलेल्या. इथवर वरदान. आता वहीची बाजू घाला. एक कल्पना खरी झाली की एक खरी गोष्ट कल्पनेत जाईल. त्याच सकाळी मुलीची आजी पाण्याला निघते, हातात बादली आणि दोर, आणि विहिरीच्या जागी सपाट जमीन असते. शेजारीण म्हणते, ‘आजी, विहीर तर तुमच्या गोष्टीतली होय ना?’ आणि वहीलाही बांधा: मुलीनं जे मनात पुरतं पाहिलं नाही, ते वहीला खरं करता येणार नाही. मुलगी घाईत ‘पूल’ एवढंच लिहिते, तर नदीवर काहीच उभं राहत नाही. आता दोघींना एकमेकींची गरज आहे, आणि दोघींचं नुकसान होऊ शकतं.

रक्तानं केलेली सही मला अजिबात आवडत नाही. बोट कापलं म्हणजे बंधन आलं असं नाही. तो नुसता देखावा. त्याहून वाईट म्हणजे शेवटच्या प्रकरणात वही चुलीत टाकायची आणि सगळं पूर्ववत करायचं. कागद जळला तर कागद जातो. गेलेली विहीर का परत यावी?

करार संपवायचा असेल तर तो मोडावा लागतो, कोणीतरी जाणूनबुजून, काय जाणार हे माहीत असताना. शंतनूनं गंगेला शब्द दिला होता की तू काहीही केलंस तरी विचारणार नाही. सात मुलं तिनं पाण्यात सोडली, तो गप्प राहिला. आठव्याला त्यानं अडवलं. मूल वाचलं, गंगा निघून गेली. तुमच्या मुलीनंही असंच एक वाक्य लिहायला नकार द्यावा, आणि त्यापायी तिच्या हातून काय सुटलं ते पुढच्या पानावर स्पष्ट लिहा.