‘मल्टिरेशियल’चा रकाना वेगळा, आणि दोन रकान्यांत टिक करणं वेगळं

अमेरिकेच्या जनगणनेत 2000 पासून ‘मल्टिरेशियल’ (मिश्रवंशीय) नावाचा रकाना आहे, हे मी मराठीत इतक्यांदा वाचलंय, व्हॉट्सॲपवर, लेखांत, कमला हॅरिस यांच्यावरच्या चर्चेत, की आता सगळं एकदा लिहूनच टाकते. असा रकाना त्या फॉर्मवर नाहीये. (1920 पर्यंत ‘मुलाटो’, म्हणजे गोऱ्या-काळ्या मिश्र वंशाचा, अशी नोंद व्हायची ती भानगड वेगळी, ते समोरचा कर्मचारी चेहरा बघून ठरवायचा.) 2000 साली बदललं ते इतकंच की वंशाच्या प्रश्नाला ‘एक किंवा जास्त खुणा करा’ अशी सूचना आली. आधी एकच निवडावा लागायचा.

लव्हिंग खटला बहुतेकांना माहितीय, 1967, व्हर्जिनिया, आंतरवंशीय लग्नावरची बंदी सुप्रीम कोर्टाने एकमताने उडवली, त्यात शिरत नाही. पुढे अशा लग्नांतली मुलं शाळेत जायला लागली आणि प्रत्येक फॉर्मवर अडायला लागली. जॉर्जियातल्या सुझन ग्रॅहम यांनी 1993 मध्ये अमेरिकी काँग्रेसच्या, म्हणजे तिथल्या संसदेच्या, समितीपुढे सांगितलं होतं की माझा तोच मुलगा जनगणनेत गोरा धरला गेला आणि शाळेत काळा. त्यांच्या ‘प्रोजेक्ट रेस’ संघटनेला हवा होता तो वेगळा रकाना, ‘मल्टिरेशियल’ असा स्वतंत्र, आणि ओहायो, जॉर्जिया अशा काही राज्यांच्या फॉर्मांवर त्यांनी तो आणवलाही. तिथूनच बहुधा लोकांच्या डोक्यात गोंधळ शिरला असणार.

आता मुद्द्यावर येते, कारण लोक घसरतात ते इथेच. समजा न्यू जर्सीत आई मराठी आणि वडील कृष्णवर्णीय असं कुटुंब आहे. वेगळा रकाना असता तर त्यांची मुलगी ‘मल्टिरेशियल’ला टिक करून मोकळी झाली असती, पण मग कृष्णवर्णीयांच्या आकड्यात ती नाही, भारतीयांच्या आकड्यातही नाही, आणि तिच्याच रकान्यात चिनी-गोरं, नेटिव्ह अमेरिकन-कृष्णवर्णीय असं कुणीही बसलेलं, म्हणजे त्या रकान्यावरून कुणाबद्दल काहीच कळत नाही. दोन टिक केल्या की ती दोन्हीकडे दिसते. म्हणूनच जनगणनेच्या तक्त्यांत ‘फक्त हाच वंश’ आणि ‘हा वंश, एकटा किंवा दुसऱ्याबरोबर’ असे दोन आकडे असतात. 2020 मध्ये फक्त ‘एशियन इंडियन’ (भारतीय वंशाचे) असे सुमारे 44 लाख होते, मिश्र धरले की जवळपास 48 लाख. ‘टू ऑर मोअर रेसेस’ ही ओळ तुम्ही तक्त्यात बघता ती जनगणना ब्युरोने नंतर केलेली बेरीज आहे, ती काही कुणी टिक केलेली नाही!

हे नुसतं आकडेमोडीचं नाही. मतदानहक्क कायदा, मतदारसंघांची आखणी, नोकरीतला भेदभाव शोधणं, सगळं ह्या आकड्यांवर चालतं, म्हणून एनएएसीपी ह्या कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या जुन्या संघटनेसारख्या संघटनांनी वेगळ्या रकान्याला जोरदार विरोध केला, आणि माझ्या मते तो बरोबरच होता. ऑक्टोबर 1997 मध्ये सरकारने वेगळा रकाना नाकारला आणि अनेक खुणांना परवानगी दिली. मला हाच निर्णय योग्य वाटतो, मुलीला आईवडलांपैकी एकाला खोडायला लागत नाही आणि हक्कांची मोजणीही शाबूत राहते.

पण पुढची गोष्ट कुणी सांगत नाही. मार्च 2000 मध्ये सरकारने नागरी हक्कांच्या अंमलबजावणीसाठी नियम काढला की कुणी ‘गोरा’ आणि एक अल्पसंख्याक वंश अशा दोन खुणा केल्या तर त्याला अल्पसंख्याकांत मोजायचं. मिश्रवंशीय चळवळीतून ह्यावर टीका झाली की हा तर जुना ‘एक थेंब रक्ताचा’ नियमच (कृष्णवर्णीय रक्ताचा एक थेंब असला तरी माणूस कृष्णवर्णीयच) परत आणला. टीकेत तथ्य आहे. तरीही भेदभाव करणारा माणूस समोरच्याला कसं बघतो ते मोजायचं असेल तर दुसरा चांगला मार्ग मला दिसत नाही.

चळवळीतही सगळे एका मताचे होते असं धरू नका, हा दुसरा गोंधळ. चार्ल्स बर्ड यांचं ‘इंटररेशियल व्हॉइस’ 1995 चं, जेम्स लँड्रिथ यांचं ‘द मल्टिरेशियल ॲक्टिव्हिस्ट’ 1997 चं, दोन्ही इंटरनेटवरची प्रकाशनं. दुसऱ्याचा सूर उघड नागरी स्वातंत्र्याचा, म्हणजे सरकारने माणसाला वंशाच्या खणात टाकूच नये, रकाना वाढवायचाच नाही तर प्रश्नच काढायचा. कॅलिफोर्नियात ऑक्टोबर 2003 मध्ये ‘प्रपोझिशन 54’ म्हणून जवळजवळ हेच मतदानाला आलं आणि जवळपास 64 टक्के मतदारांनी विरोधात मत देऊन ते पाडलं. ही भूमिका प्रामाणिक आहे पण मला ती पटत नाही, मोजणं बंद केलं की भेदभाव थांबत नाही, फक्त तो सिद्ध करणं अवघड होतं. पण ह्या लोकांना ‘वेगळा रकाना मागणारे’ म्हणणं सरळ चूक आहे.

आता 2020 चा आकडा, जो सगळे नाचवतात. 2010 मध्ये दोन किंवा जास्त वंशांचे 90 लाख होते, 2020 मध्ये 3 कोटी 38 लाख. दहा वर्षांत एवढी मिश्र मुलं जन्मली नाहीत हो! ब्युरोने प्रश्नाची मांडणी बदलली, लोकांनी हाताने लिहिलेला तपशील जास्त वाचला, जास्त कोड लावले, आणि आधी एका वंशात बसवलेले अनेक जण, त्यात लॅटिनो (लॅटिन अमेरिकी मुळाचे, म्हणजेच हिस्पॅनिक) खूप, दोन वंशांत गेले. खरी वाढ आहेच, पण ह्या उडीतली किती ते नुसत्या आकड्यावरून सांगता येत नाही, आणि ब्युरोने स्वतःच ही तुलना जपून करा असं सांगितलंय.

मार्च 2024 मध्ये नियम परत बदलले. हिस्पॅनिकचा वेगळा प्रश्न जाऊन वंशाच्याच प्रश्नात आला आणि मध्यपूर्व-उत्तर आफ्रिका असा नवा गट आला. ‘मल्टिरेशियल’ रकाना ह्याही वेळी नाही, लागू असतील त्या सगळ्यांवर टिक करायची.