लाँचर बदलताना गेम लायब्ररीची राखण (कोकण किनारा)

पीसीवर विकत घेतलेले खेळ ज्या प्रोग्रॅममधून उतरवले, सुरू केले आणि अद्ययावत ठेवले जातात, त्याला लाँचर म्हणतात. कंपनीने जुना लाँचर बंद करून नवा आणला की खेळांची यादी, उतरवलेल्या फायली आणि खेळातली प्रगती शाबूत ठेवण्यासाठी काही कामे करावी लागतात. या नोंदीत त्यांची माहिती आहे. कंपन्यांचे नियम सगळीकडे सारखेच असतात. पालघरपासून सिंधुदुर्गापर्यंतच्या किनारपट्टीवर मात्र लांबलेला पावसाळा, गावागणिक बदलणारा नेटचा वेग, खारी दमट हवा आणि एकच आयडी मुंबईत नि गावी अशी दोन्हीकडे वापरण्याची रीत यांमुळे या कामाला वेगळे वळण लागते.

लायब्ररीचे तीन भाग

बोलताना सगळ्यालाच लायब्ररी म्हटले जात असले, तरी तिच्यात तीन वेगळ्या गोष्टी असतात. पहिली म्हणजे हक्क: अमुक आयडीने अमुक खेळ विकत घेतला आहे, ही कंपनीच्या सर्व्हरवरची नोंद. दुसरी, आपल्या डिस्कवर उतरवलेल्या फायली. तिसरी, सेव्ह, म्हणजे खेळात कुठवर पोचलो याची नोंद. हक्क खात्याला चिकटलेला असल्यामुळे लाँचर बदलला तरी तो सहसा टिकतो, आणि ‘ओरिजिन (इलेक्ट्रॉनिक आर्ट्सचा जुना लाँचर) बंद झाले, आता पैसे बुडाले’ ही भीती बहुतेक वेळा अनाठायी ठरते. फायली पुन्हा उतरवता येतात. प्रश्न वेळेचा आणि डेटाचा असतो. सेव्ह गेली तर ती कंपनी परत देईल याचा भरवसा नाही. घाईत मात्र लोक सर्वात आधी फायलींची काळजी करतात आणि सेव्ह शेवटी आठवते.

आजवरचे बदल

व्हॉल्व्ह कंपनीचा लाँचर, म्हणजे स्टीम, १२ सप्टेंबर २००३ रोजी सुरू झाला. तिच्या खेळांसाठी आधी वापरात असलेले ‘वॉन’ हे जाळे २००४ मध्ये बंद पडले. लाँचर बदलण्याचे हे एक जुने उदाहरण, आणि ‘हाफ-लाइफ’च्या जुन्या सीडीवरचा क्रमांक स्टीमवर नोंदवून खेळ आपल्या नावे करता येत असे. मायक्रोसॉफ्टच्या ‘गेम्स फॉर विंडोज लाइव्ह’चे दुकान ऑगस्ट २०१३ मध्ये बंद झाले. त्या सेवेवर टेकलेल्या काही खेळांतून ती नंतर काढून टाकली गेली. ‘फॉलआउट ३’च्या वाट्याला ही सुटका २०२१ मध्ये आली. युबिसॉफ्टने २०२० मध्ये ‘यूप्ले’ गुंडाळून ‘युबिसॉफ्ट कनेक्ट’ आणले. खाते तेच राहिल्यामुळे वापरणाऱ्यांना बदल जाणवला तो मुख्यतः नावात आणि रूपात.

बेथेस्डाचा बदल यापेक्षा मोठा होता. त्या कंपनीने स्वतःचा लाँचर ११ मे २०२२ रोजी बंद केला आणि खरेदी केलेले खेळ स्टीमवर हलवण्याची सोय दिली. ही सोय आपोआप लागू होत नव्हती. बेथेस्डाचे आणि स्टीमचे खाते स्वतः जोडावे लागे, आणि काही खेळांच्या सेव्ह हाताने एका फोल्डरातून दुसऱ्यात न्याव्या लागत. इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने २०११ मध्ये आणलेले ‘ओरिजिन’ १७ एप्रिल २०२५ रोजी विंडोजवर बंद झाले. त्याच्या जागी आलेले ‘ईए अ‍ॅप’ केवळ ६४-बिट विंडोजवर चालते, त्यामुळे ३२-बिट विंडोज असलेल्या जुन्या पीसीवर हक्क शाबूत असूनही खेळ उघडत नाही. स्टीमनेही १ जानेवारी २०२४ पासून विंडोज ७, ८ आणि ८.१ यांचा आधार काढून घेतला. मुंबईतल्या ऑफिसातून निवृत्त झालेले पीसी गावच्या घरी येतात आणि पोरांच्या हाती लागतात. अशा पीसीला लाँचर बदलाचा फटका आधी बसतो, आणि तिथे खर्च खेळाचा नसतो, पीसीचा असतो.

फायली वाचवणे

१०० जीबीचा खेळ ४० एमबीपीएसच्या फायबर जोडणीवर साडेपाच तासांत उतरतो. रोजचा १.५ जीबी डेटा मिळणाऱ्या मोबाइल प्लॅनवर तोच खेळ उतरवायला ६७ दिवस लागतील, आणि तेही घरात दुसऱ्या कोणी तो डेटा वापरला नाही तर. रत्नागिरी, चिपळूण, कुडाळ यांसारख्या गावांत फायबर आहे. खाडीपलीकडच्या नाहीतर डोंगरउतारावरच्या वाडीत फोनचा हॉटस्पॉटच नशिबी असतो. त्यामुळे ‘काढून टाक आणि परत डाउनलोड कर’ हा मदत-पानांवरचा सोपा सल्ला इथे महागात पडतो.

फायली वाचवण्याची मूळ युक्ती सगळ्या लाँचरांना सारखीच लागू पडते: खेळाचा फोल्डर आधी बाजूला न्यायचा, नवा लाँचर टाकायचा, आणि मग त्याला तो फोल्डर ‘सापडवून’ द्यायचा. लाँचर आतल्या फायली तपासतो आणि जेवढे कमी पडते तेवढेच उतरवतो. स्टीममध्ये खेळ ‘स्टीमअ‍ॅप्स’ फोल्डरातल्या ‘कॉमन’मध्ये असतात आणि त्यांच्या नोंदी बाहेर ‘अ‍ॅपमॅनिफेस्ट’ नावाच्या छोट्या फायलींत असतात. दोन्ही उचलले तर नव्या जागी खेळ लगेच ओळखला जातो. एपिक गेम्स कंपनीच्या लाँचरमध्ये थोडा वळसा घ्यावा लागतो. खेळ उतरवायला सुरुवात करायची, एक-दोन टक्क्यांवर थांबवायचा, जुना फोल्डर त्या जागी टाकायचा आणि पुन्हा सुरू करायचा. ब्लिझर्ड कंपनीच्या बॅटल डॉट नेटमध्ये जुन्या खेळाची जागा दाखवण्याची सोय लाँचरमध्येच आहे.

इथे एक धोका ठळकपणे सांगायला हवा. स्टीम अनइन्स्टॉल केले की त्याच्या फोल्डरातले सगळे खेळही पुसले जातात. ‘स्टीम बिघडलंय, काढून परत टाकतो’ म्हणणाऱ्याने ‘स्टीमअ‍ॅप्स’ आधी बाहेर काढलेला असावा. फॉरमॅट मारतानाही तेच: दुकानातला मुलगा ‘डी ड्राइव्ह तसाच ठेवतो’ म्हणतो आणि बहुतेक वेळा ठेवतोही, पण खेळ सी ड्राइव्हवर असतील तर त्या आश्वासनाचा उपयोग नाही.

कोकणात खेळांच्या फायली बऱ्याचदा माणसांबरोबर प्रवास करतात. गणपतीला नाहीतर मे महिन्यात येणारा चाकरमानी लॅपटॉप घेऊन येतो, त्यावर शहरातल्या वेगवान नेटवर उतरवलेले खेळ असतात. २०२३ पासून स्टीममध्ये एकाच घरगुती नेटवर्कवरच्या दोन पीसींमध्ये खेळ थेट पाठवता येतो. त्यासाठी बाहेरच्या नेटचा वेग कामाचा नसतो. राऊटर चालू असला आणि दोन्ही पीसींवर लॉगिन झालेले असले की जमते. एरवी पोर्टेबल हार्ड डिस्क आहेच. पेनड्राइव्ह वापरायचा तर तो ‘फॅट३२’ पद्धतीने फॉरमॅट केलेला नसावा, कारण त्यात ४ जीबीपेक्षा मोठी फाइल बसत नाही आणि आजच्या खेळांत तशा फायली सर्रास असतात. ‘एक्सफॅट’ किंवा ‘एनटीएफएस’ चालते. आणि कट-पेस्ट टाळावे. मध्येच लाइट गेली तर फोल्डर अर्धा इकडे, अर्धा तिकडे राहतो. कॉपी पूर्ण झाल्यावर, खेळ एकदा उघडून पाहिल्यावर जुनी प्रत पुसावी.

सेव्ह

सेव्ह कुठे ठेवायची याचा नियम नाही. खेळ बनवणाऱ्याच्या मर्जीवर सगळे चालते. काही खेळ ‘डॉक्युमेंट्स’मधल्या ‘माय गेम्स’मध्ये ठेवतात, काही ‘सेव्ह्ड गेम्स’मध्ये, तर बरेच ‘अ‍ॅपडेटा’ या लपवलेल्या फोल्डरात. युबिसॉफ्टचे खेळ सेव्ह लाँचरच्याच फोल्डरात ठेवत आले आहेत. त्यामुळे लाँचर मुळासकट साफ करणाऱ्याने आधी ‘सेव्हगेम्स’ फोल्डर उचलून ठेवलेला बरा. सेव्ह सहसा काही एमबींची असते. ती स्वतःला ईमेलने पाठवता येते, आणि मोबाइल डेटावरही हे मिनिटाचे काम आहे.

क्लाउड सेव्हवर, म्हणजे कंपनीच्या सर्व्हरवर आपोआप ठेवल्या जाणाऱ्या प्रतीवर, विसंबणाऱ्यांची फसगत वेगळीच होते. पावसात नेट गेलेले असताना आठवडाभर ऑफलाइन खेळले, मग नव्या लाँचरमध्ये लॉगिन केले की तो विचारतो: क्लाउडवरची प्रत ठेवू की या पीसीवरची? तारीख न बघता पहिले बटण दाबणाऱ्याचा आठवडा पुसला जातो. म्हणून जुना लाँचर चालू असतानाच एकदा नेटवर आणून सगळे खेळ सिंक होऊ द्यावेत.

आयडी कोणाची?

या किनारपट्टीवर लायब्ररी गमावण्याचे खरे कारण बहुधा इथे सापडते. खेळ दादाने मुंबईत घेतलेले असतात, पैसे त्याच्या यूपीआयवरून गेलेले असतात, कोड त्याच्या फोनवर येतो, आणि खेळणारा धाकटा मालवणात नाहीतर गुहागरात असतो. जुना लाँचर लॉगिन लक्षात ठेवून असतो तोवर हे कोणाला आठवतही नाही. नवा लाँचर पहिल्यांदा उघडला की पासवर्ड मागतो, वर ईमेलवर किंवा मोबाइलवर कोड पाठवतो. तेव्हा दादा लोकलमध्ये असतो, आणि तो फोन उचलेपर्यंत कोडची मुदत संपते. हे निदान सुटण्यासारखे आहे. शाळेत असताना सायबर कॅफेत बसून तात्पुरत्या ईमेलवर उघडलेली आयडी सोडवणे फार कठीण.

गुगलच्या नियमानुसार दोन वर्षे न वापरलेले वैयक्तिक खाते काढून टाकले जाऊ शकते, आणि ही कारवाई डिसेंबर २०२३ पासून सुरू झाली. प्रीपेड सिम ९० दिवस वापरात नसेल आणि त्यात किमान शिल्लकही नसेल, तर क्रमांक बंद होऊन पुढे दुसऱ्याला दिला जाऊ शकतो. गावी रेंज नाही म्हणून एका कंपनीचे सिम कपाटात ठेवून दुसरे घेण्याची सवय किनाऱ्यावर सर्वत्र आहे. त्या कपाटातल्या सिमवर लायब्ररी टांगलेली असू शकते. लाँचर बंद होण्याची घोषणा झाली की आधी ईमेल उघडतो का आणि मोबाइल क्रमांक चालू आहे का ते पाहावे, बाकी सगळे नंतर. दुहेरी पडताळणीचे राखीव कोड कागदावर लिहून ठेवावेत. खरेदीच्या पावत्यांचे ईमेल आणि खोक्यातल्या सीडीचा क्रमांकही जपावा, कारण खाते परत मागताना मालकीचा पुरावा म्हणून स्टीमची मदत-सेवा असलीच माहिती विचारते.

एकच आयडी दोघांनी वापरणे करारात बसत नाही, हे सांगून ठेवले पाहिजे. स्टीमने २०२४ मध्ये आणलेल्या ‘स्टीम फॅमिलीज’मध्ये एका कुटुंबातल्या सहा जणांपर्यंत प्रत्येकाची आयडी आणि सेव्ह वेगळी राहते आणि बरेचसे खेळ सामायिक होतात. कुटुंब म्हणजे एका घरात राहणारे, असे कंपनीला अभिप्रेत आहे. अर्धे घर मुंबईत आणि अर्धे गावात असलेल्या कोकणी कुटुंबाला ही व्याख्या कितपत लागू होते, याचे उत्तर करारात मिळत नाही.

हवा, वीज आणि पाणी

दमट हवेत सीडीवर बुरशी चढते, पीसीच्या जोडण्यांना गंज लागतो. बाजूला काढलेली हार्ड डिस्क घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांसह ठेवावी आणि अधूनमधून जोडून चालवून पाहावी. पडून राहणाऱ्या प्रतीसाठी एसएसडीपेक्षा साधी हार्ड डिस्क बरी, कारण वीज न मिळता फार काळ पडलेल्या एसएसडीतला डेटा कमी होत जाऊ शकतो. पावसाळ्याच्या तोंडावर आणि परतीच्या पावसात गडगडाट जास्त असतो. त्या दिवसांत पीसीचा आणि राऊटरचा प्लग काढून ठेवणे कुठल्याही बॅकअपपेक्षा स्वस्त पडते.

३ जून २०२० रोजी निसर्ग चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर धडकले, आणि श्रीवर्धन, दापोली या भागांतल्या कित्येक गावांत आठवडेच्या आठवडे वीज नव्हती. २२ जुलै २०२१ च्या पुरात वाशिष्ठीचे पाणी चिपळूणच्या बाजारपेठेत आणि घरांत शिरले. अशा प्रसंगी लाँचर बंद होण्याची तारीख कोणाच्या ध्यानात राहणार? म्हणून बंद होण्याची घोषणा पावसाळ्याआधी आली असेल तर हे काम मे महिन्यातच उरकावे आणि प्रत माळ्यावर ठेवावी. ऑफलाइन मोडही आधी एकदा नेट असताना तपासून ठेवावा. स्टीमचा ऑफलाइन मोड त्या पीसीवर आधी लॉगिन होऊन खेळ पूर्ण अद्ययावत झालेला असेल तरच चालतो.

जिथे राखण चालत नाही

सर्व्हरवरच जगणारा खेळ कितीही प्रती काढल्या तरी राहत नाही. युबिसॉफ्टच्या ‘द क्रू’चे सर्व्हर ३१ मार्च २०२४ रोजी बंद झाले आणि नंतर तो ग्राहकांच्या लायब्ररीतून खेळण्याजोगा उरला नाही. त्यातून ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही मोहीम उभी राहिली. कॅलिफोर्नियाच्या कायद्यानुसार १ जानेवारी २०२५ पासून विक्रेत्याला हे स्पष्ट सांगावे लागते की ग्राहक खेळाचा परवाना घेतो, मालकी नव्हे. जीओजी या दुकानातून घेतलेल्या खेळांना नक्कल रोखणारे कुलूप नसते. त्यांची ऑफलाइन इन्स्टॉलर फाइल उतरवून ठेवली की पुढे लाँचर असो वा नसो, खेळ टाकता येतो. चोरीच्या सीडीवरून टाकलेल्या खेळांना लाँचरची चिंता नसते हे खरे, पण त्यांच्याबरोबर व्हायरसही घरात येतो.

वारसाहक्काचा प्रश्न अजून मोकळाच आहे. गावच्या जमिनीच्या सातबाऱ्यावर पणजोबांच्या वंशातली डझनावारी नावे नांदत असतात. स्टीमच्या खात्यावर मात्र एकच नाव, आणि ते मृत्युपत्रानेही दुसऱ्याला देता येत नाही. जीओजीने २०२४ मध्ये म्हटले होते की न्यायालयाने तसा आदेश दिला तर खाते वारसाला देण्याचा ते प्रयत्न करतील. घरच्यांकडे पासवर्ड आणि राखीव कोड लिहिलेला कागद असला तर खाते उघडते, करारात बसो वा न बसो. कोड दादाच्या फोनवर येत असेल आणि फोनचे कुलूप कोणाला ठाऊक नसेल, तर ते खाते उघडायला कंपनीच्या मदत-सेवेचाच दरवाजा ठोठवावा लागतो, आणि तिथेही खातेदार स्वतः असल्याचा पुरावा मागतात.